लाँचरमधून गेम टाकायचा, तर लाइट आणि डेटाचा हिशोब आधी

यूबीसॉफ्ट कनेक्ट, ईए ॲप, बॅटलनेट, रॉकस्टार, एपिक, स्टीम. लाँचर, म्हणजे गेम घ्यायचं, उतरवायचं आणि सुरू करायचं ॲप, कोणताही असो, त्यातलं इन्स्टॉलचं बटण दाबणं हे सगळ्यात सोपं काम आहे. अडचण पुढे येते. साठ जीबीचा गेम अर्धा उतरलेला असतो आणि यावल-रावेरकडे वळवाचा वारा सुटून लाइट जाते. किंवा दुपारी दोनलाच दिवसाचा डेटा संपतो. किंवा सी ड्राइव्ह भरून लाल होते आणि लाँचर ९७ टक्क्यांवर थांबतो. म्हणून हे सगळं एकाच नियमाभोवती लिहिलं आहे: एकदा उतरलेला जीबी दुसऱ्यांदा उतरवायची वेळ येऊ द्यायची नाही. लाँचरमध्ये त्यासाठी लागणारी सोय असते, फक्त ती बहुतेकांना माहीत नसते.

बटण दाबण्याआधी

गेमच्या पानावर 'किमान गरज' लिहिलेली असते, ती आपल्या मशीनशी ताडून बघा. विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबून 'डीएक्सडायग' (dxdiag) टाइप केलं की प्रोसेसर, रॅम आणि ग्राफिक्स कार्ड समोर येतं. सेकंडहँड मशीनवर हे आवर्जून करा, कारण दुकानात सांगितलेली रॅम आणि आत बसवलेली रॅम कधी कधी वेगळी निघते. विंडोज ७ किंवा ८ असेल तर थांबा. स्टीमने १ जानेवारी २०२४ पासून त्यांचा आधार काढून घेतला आहे आणि ईए ॲपला ६४-बिटची विंडोज १० किंवा त्यापुढची लागते.

जागेचा हिशोब सढळ हाताने करा. ६० जीबीच्या गेमसाठी ८० ते ९० जीबी मोकळे हवेत. मोठ्या अपडेटच्या वेळी बरेच गेम जुन्या फाइलशेजारी नवी फाइल तयार करतात आणि मग जुनी पुसतात, म्हणून तेवढा वेळ दोन्ही फाइलींना जागा लागते. ५०० जीबीची डिस्क विंडोजमध्ये ४६५ दिसते, तेही लक्षात असू द्या. त्यात कोणी फसवलेलं नसतं. कंपनी हजाराने मोजते आणि विंडोज १०२४ ने.

गेमसाठी डी ड्राइव्हवर वेगळा फोल्डर करा आणि त्याचं नाव इंग्रजी अक्षरांत, साधं, छोटं ठेवा. फोल्डरच्या किंवा विंडोजच्या यूजरच्या नावात देवनागरी असली तर काही जुने गेम आणि त्यांचे इन्स्टॉलर वाट चुकतात आणि भलतीच एरर दाखवतात. डी ड्राइव्हचा खरा फायदा पुढे कळतो: मशीन बिघडलं की दुकानदार फॉरमॅट मारतो तो सी ड्राइव्हला. डी वेगळं पार्टिशन असेल आणि त्याला हात लावू नका असं आधीच सांगितलेलं असेल, तर गेम जसाच्या तसा राहतो.

लाँचर उतरवताना

प्रकाशकाची साइट ब्राउझरमध्ये पूर्ण पत्ता टाइप करून उघडा. सर्चमध्ये सगळ्यात वर येणारी जाहिरात कित्येकदा नकली साइटची असते. इन्स्टॉलर उतरला की त्यावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा आणि 'डिजिटल सिग्नेचर्स' हा टॅब बघा. तिथे प्रकाशकाचं नाव दिसलं पाहिजे. टॅबच नसेल तर फाइल पुसून टाका. टेलिग्रामवर फिरणाऱ्या 'फुल व्हर्जन'च्या नादी लागू नका. त्यासोबत पासवर्ड चोरणारे प्रोग्राम येतात आणि आधी जातो तो घरातला ईमेल, जो बहुतेकदा बँकेलाही जोडलेला असतो.

खातं स्वतःच्या ईमेलवर काढा, कॅफेवाल्याच्या किंवा मित्राच्या नको. गेमची की (विकत घेतल्यावर मिळणारा कोड) एकदा एका खात्यात वापरली की ती तिथेच बसते, दुसऱ्या खात्यात हलत नाही. दुहेरी पडताळणी (पासवर्डनंतर आणखी एक कोड मागणारी सोय) चालू करा आणि तेव्हा मिळणारे रिकव्हरी कोड वहीत लिहून ठेवा. फोन हरवला तर तेच कामी येतात. स्टीमवर घेतलेला यूबीसॉफ्टचा किंवा रॉकस्टारचा गेम सुरू होताना त्या प्रकाशकाचा लाँचरही मागतो. तिथे पहिल्यांदा जे खातं जोडाल, तेच पुढे कायम धरलं जातं, म्हणून घाईत नवं खातं काढू नका.

लाँचर लॉगिनच घेत नसेल तर पासवर्डच्या आधी घड्याळ बघा. जुन्या मशीनच्या मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपला की लाइट गेल्यावर तारीख मागे जाते. तारीख चुकली की सुरक्षित जोडणीचं प्रमाणपत्र अमान्य ठरतं आणि लाँचर फक्त 'कनेक्शन एरर' म्हणतो. सेल स्वस्तात मिळतो, बदलायला पाच मिनिटं लागतात. लोक मात्र यासाठी अख्खी विंडोज पुन्हा मारून घेतात.

डेटा किती, वेळ किती

स्पीड टेस्टमध्ये दिसणारा आकडा बिटचा असतो आणि गेमचा आकार बाइटमध्ये. आठने भागा. ४० एमबीपीएसची लाइन म्हणजे सेकंदाला ५ एमबी. त्या वेगाने ६० जीबीला साधारण साडेतीन तास लागतात. फायबर असेल तर रात्री लावून पहाटे बघायचं, इतकंच.

मोबाइलच्या डेटावर गणित वेगळं आहे. रोज २ जीबीच्या प्लॅनवर ६० जीबी म्हणजे पूर्ण महिना, तोही घरातल्या कोणी व्हिडिओ न बघता. कोटा संपल्यावर कित्येक प्लॅनमध्ये वेग ६४ केबीपीएसवर येतो. त्या वेगाने एका जीबीला ३६ तास लागतात, तेव्हा लाँचर चालू ठेवण्यात काही अर्थ नाही. पॉज करा. अमर्याद ५जीचा प्लॅन असला तर फोनच्या वरच्या कोपऱ्यावर लक्ष ठेवा: सिग्नल ५जीवरून ४जीवर घसरला की रोजच्या कोट्यातला डेटा खर्च व्हायला लागतो. मे महिन्यात भुसावळ-जळगावकडे पारा ४४-४५ वर असतो. पत्र्याच्या खोलीत हॉटस्पॉट लावलेला फोन तापतो आणि स्वतःचं काम हळू करून घेतो. अशा दिवसांत डाउनलोड पहाटे चार ते आठ या वेळात लावा, आणि हॉटस्पॉटऐवजी केबलने यूएसबी टेदरिंग करा. जोडणी स्थिर राहते.

लाँचरच्या सेटिंग्जमध्ये दोन गोष्टी आधी बदला. वेगमर्यादा घाला, म्हणजे घरातल्या बाकीच्यांचं नेट चालू राहील. आणि आपोआप होणारी अपडेट्स बंद करा किंवा वेळ ठरवून द्या. स्टीममध्ये अपडेटचे तास नेमता येतात. विंडोजमध्ये जोडणी 'मीटर्ड' (मोजका डेटा असलेली) अशी नेमली तर विंडोजची बरीचशी अपडेट्स थांबतात, पण लाँचर त्या खुणेला जुमानतीलच असं नाही.

लाइट जाते तेव्हा

लाँचर गेमचे लहान लहान तुकडे उतरवतो आणि प्रत्येक तुकडा तपासून पुढे जातो. त्यामुळे लाइट गेली म्हणून सगळं वाया जात नाही. बिघडतो तो नेमका त्या क्षणी डिस्कवर लिहिला जाणारा भाग. मशीन पुन्हा सुरू झाल्यावर रिझ्यूम करा, आणि गेम पूर्ण झाल्यावर तपासणीचं बटण एकदा जरूर दाबा: स्टीममध्ये 'व्हेरिफाय इंटिग्रिटी', यूबीसॉफ्टमध्ये 'व्हेरिफाय फाइल्स', ईएमध्ये 'रिपेअर', बॅटलनेटमध्ये 'स्कॅन अँड रिपेअर', एपिकमध्ये 'व्हेरिफाय'. ही तपासणी फक्त खराब तुकडे नव्याने आणते. गेम उघडत नाही म्हणून अनइन्स्टॉल करणं म्हणजे साठ जीबी स्वतःच्या हाताने फेकून देणं.

घरी इन्व्हर्टर असेल तर त्यावरचा स्विच 'यूपीएस मोड'वर आहे का ते बघा. साध्या मोडमध्ये बदलायला लागणारा वेळ जास्त असतो आणि डेस्कटॉप रीस्टार्ट होतो. पंख्याला ते कळतही नाही, म्हणून कोणाच्या लक्षात येत नाही. ६०० व्हीएचा छोटा यूपीएस डेस्कटॉपला दहा-पंधरा मिनिटं देतो. त्यावर डाउनलोड पुरं करायची आशा धरू नका. पॉज करून मशीन नीट बंद करण्यापुरताच तो आहे. राउटरला मात्र वेगळा मिनी यूपीएस लावणं परवडतं. राउटरच्या अडॅप्टरवर लिहिलेले व्होल्ट, बहुतेकदा १२, जुळवून घ्या आणि ॲम्पिअर तेवढे किंवा जास्त असू द्या. लॅपटॉप आणि राउटर दोन्ही बॅटरीवर असले की तासभराच्या भारनियमनातही काम पुढे सरकतं.

रात्री लावून झोपताना विंडोजची स्लीप बंद करा आणि लॅपटॉपचं झाकण मिटल्यावर 'काहीच करू नको' हा पर्याय निवडा. मशीन झोपलं की डाउनलोडही झोपतं. स्क्रीन बंद ठेवायला हरकत नाही.

गेम पेनड्राइव्हने आणायचा रस्ता

धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरात रेंजच धड नसते, तिथे हाच रस्ता खरा. शहाद्याला, नंदुरबारला किंवा जळगावच्या हॉस्टेलवर कोणाकडे तोच गेम, त्याच लाँचरवर टाकलेला असेल तर त्याचा फोल्डर आणा आणि आपल्या लाँचरला ओळखायला लावा. गेम तुमच्या खात्यात स्वतःचा घेतलेला हवा, किंवा मुळात मोफत मिळणारा. फाइल मित्राच्या असल्या तरी परवाना तुमचा लागतो.

मित्राला कॉपी करण्याआधी गेम पूर्ण अपडेट करायला सांगा आणि आवाजाची भाषा कोणती घेतली आहे तेही विचारा. आवृत्ती किंवा भाषा वेगळी असली की फरकाच्या फाइली तुमच्या डेटातून येतात. बाहेरची डिस्क एनटीएफएस किंवा एक्सफॅटमध्ये फॉरमॅट केलेली असू द्या. एफएटी३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसतच नाही, आणि गेमच्या मुख्य फाइली बऱ्याचदा त्याहून मोठ्या असतात. यूएसबी ३ चा निळा पोर्ट वापरा: साध्या बाहेरच्या हार्ड डिस्कवर ६० जीबी दहा-बारा मिनिटांत जातात, तेच जुन्या यूएसबी २ वर अर्ध्या तासाच्या वर.

घरी आल्यावर प्रत्येक लाँचरची रीत थोडी वेगळी आहे. स्टीममध्ये डी ड्राइव्हवर लायब्ररी तयार करा, त्यातल्या 'स्टीमॲप्स' फोल्डरमधल्या 'कॉमन'मध्ये गेमचा फोल्डर त्याच नावाने ठेवा आणि मग इन्स्टॉल दाबून तीच लायब्ररी निवडा. स्टीम आधी असलेल्या फाइली शोधतो आणि कमी असेल तेवढंच उतरवतो. बॅटलनेटमध्ये इन्स्टॉल बटणाजवळ 'लोकेट' असतं, त्यातून फोल्डर दाखवायचा. यूबीसॉफ्टमध्येही बसवलेला गेम शोधून देण्याचा असाच पर्याय आहे. एपिकमध्ये जरा धीर धरावा लागतो: इन्स्टॉल सुरू करा, दोन-तीन टक्के होऊ द्या, थांबवा, लाँचर पूर्ण बंद करा (घड्याळाजवळच्या खुणेवर राइट क्लिक करून एक्झिट), मित्राच्या फाइली नव्या फोल्डरवर कॉपी करा आणि मग रिझ्यूम. मित्राच्या फोल्डरमधला 'ईजीस्टोअर' (.egstore) नावाचा लपलेला फोल्डर आणू नका, तुमचा स्वतःचा राहू द्या. ईए ॲपमध्येही सुरू करून थांबवणं, फाइली टाकणं, पुन्हा चालू करणं हीच युक्ती चालते.

तपासणी चालू असताना आकडा शून्यापासून वर चढताना दिसतो आणि पुन्हा सगळं उतरतंय की काय असं वाटून लोक ती रद्द करतात. टास्क मॅनेजर उघडा. डिस्क धावत असेल आणि नेटवर्क शांत असेल, तर तपासणी चालू आहे. हार्ड डिस्कवर तिला वेळ लागतो, बसू द्या.

गेम बसला, उघडत नाही

'एमएसव्हीसीपी१४०' फाइल नाही असा संदेश आला तर मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून व्हिज्युअल सी++ चं २०१५ पासूनचं एकत्रित पॅकेज टाका, ६४ आणि ३२ बिट दोन्ही. 'डी३डीएक्स९' ने सुरू होणाऱ्या नावाची तक्रार असेल तर डायरेक्टएक्सचं जून २०१० चं पॅकेज लागतं. अशा सुट्या डीएलएल फाइली (गेमला लागणारे विंडोजचे तुकडे) देणाऱ्या साइटवरून काहीही घेऊ नका. काळा पडदा येऊन बंद होत असेल तर ग्राफिक्सचा ड्रायव्हर एनव्हिडिया, एएमडी किंवा इंटेलच्याच साइटवरून नवा घ्या.

व्हॅलोरंटसारखे गेम विंडोज ११ वर टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट या मशीनमधल्या सुरक्षेच्या सोयी चालू मागतात. 'एमएसइन्फो३२' (msinfo32) उघडून बायोस मोड, म्हणजे मशीन सुरू होण्याची पद्धत, बघा. तिथे 'लेगसी' (जुनी पद्धत) असेल तर बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी उघडणाऱ्या सेटिंग्जमध्ये, जाऊन थेट यूईएफआय (नवी पद्धत) करू नका, मशीन विंडोजपर्यंत पोचणारच नाही. आधी डिस्कची मांडणी जुन्या एमबीआरमधून नव्या जीपीटीमध्ये बदलावी लागते. विंडोजमध्येच 'एमबीआर२जीपीटी' हे साधन आहे, डेटा न पुसता ते काम करतं, तरीही महत्त्वाच्या फाइलींची प्रत आधी काढा. हे हाताळायची सवय नसेल तर जाणत्या माणसाला शेजारी बसवा.

फॉरमॅट मारायला मशीन देण्याआधी सेव्ह फाइली, म्हणजे खेळात कुठवर पोचलात याची नोंद, वाचवा. गेम डीवर असला तरी सेव्ह बहुतेकदा सीवर असते: डॉक्युमेंट्समधल्या 'माय गेम्स'मध्ये, ॲपडेटामध्ये, किंवा यूबीसॉफ्टच्या बाबतीत लाँचरच्याच फोल्डरमधल्या 'सेव्हगेम्स'मध्ये. क्लाउड सेव्ह (तीच नोंद लाँचरच्या सर्व्हरवर ठेवायची सोय) चालू असेल तर शेवटचा सिंक झाल्याची खूण बघूनच मशीन बंद करा. आणि स्टीम अनइन्स्टॉल करायचा असेल तर आधी त्याच्या फोल्डरमधला 'स्टीमॲप्स' बाहेर काढून ठेवा, कारण अनइन्स्टॉलर त्यातले गेमही सोबत पुसतो.