सर्वनाश टाळण्याला अग्रक्रम: ‘मॅक्सिपॉक’चा ठोकताळा निर्णयात कसा वापरायचा

देणगी कुठे द्यायची, शिक्षण संपल्यावर कोणत्या विषयाला वाहून घ्यायचे, संस्थेने पुढची पाच वर्षे काय करायचे, हे प्रश्न पुण्यातल्या ट्रस्टच्या बैठकांत, अभ्यासमंडळांत आणि घरोघरी निघतात. उत्तर बहुधा डोळ्यांसमोरच्या गरजेवरून ठरते, आणि त्यात गैर काही नाही. मात्र एक प्रश्न सहसा कोणी विचारत नाही: या कामाने मानवजात कायमची संपण्याची शक्यता कमी होते का?

तत्त्वज्ञ निक बॉस्ट्रम यांनी २००२ मध्ये या प्रश्नाला ‘मॅक्सिपॉक’ या नावाने नियमाचे रूप दिले. जगाचे एकूण ‘ठीक’ होण्याची शक्यता जास्तीत जास्त वाढेल असे वागा, आणि ज्यात अस्तित्वाचा सर्वनाश होत नाही असा कोणताही परिणाम ‘ठीक’ समजा, एवढाच तो नियम. बॉस्ट्रम यांनी स्वतः त्याला ठोकताळा म्हटले आहे, अबाधित तत्त्व नव्हे. हा फरक शेवटपर्यंत लक्षात ठेवायचा आहे.

‘वाईटात वाईट टाळा’ या जुन्या सल्ल्याशी त्याची गल्लत करू नका. आपण काहीही केले तरी सर्वनाशाची शक्यता पूर्ण शून्य होत नाही. त्यामुळे फक्त सर्वात वाईट शेवटाकडे बघून निर्णय घेतला तर सगळे पर्याय सारखेच ठरतात आणि हात बांधले जातात. मॅक्सिपॉक शक्यता हलवायला सांगतो, आणि ते माणसाच्या आवाक्यातले आहे.

आधी चाळणी: संकट मोठे आहे की कायमचे?

१८९७ चा प्लेग, १२ जुलै १९६१ चा पानशेतचा पूर, २०२० चा कोविड. पुण्याने ही तिन्ही संकटे भोगली. माणसे गेली, नदीकाठची घरे गेली, पण शहर पुन्हा उभे राहिले. म्हणून या नियमाच्या अर्थाने यातले एकही ‘अस्तित्वसंकट’ नव्हते. त्यामुळे त्या दुःखाचे मोल कमी होत नाही. ही चाळणी दुःख मोजण्यासाठी नाही, परत उठता येईल का हे तपासण्यासाठी आहे.

प्रत्येक धोक्यापुढे तीन प्रश्न लिहा. कोणी वाचेल का? वाचलेल्यांना शेती, औषधे, लिहिणे-वाचणे आणि शास्त्र पुन्हा उभे करता येईल का? आणि समाज चुकीच्या वाटेला लागला असेल तर ती चूक दुरुस्त करायला कोणी मोकळे उरेल का? एका जरी प्रश्नाचे उत्तर ठामपणे ‘नाही’ असेल तर धोका पहिल्या, म्हणजे अस्तित्वसंकटाच्या, रकान्यात टाका. तिसरा प्रश्न लोक गाळतात. सगळे जिवंत आहेत, पण कधीच न हटणारी जुलमी व्यवस्था जगभर बसली आहे, हेही अस्तित्वसंकटच.

उत्तर ‘माहीत नाही’ आले तर दुसरा रकाना करा. अणुयुद्ध तिथे जाते. आगीच्या काजळीने सूर्यप्रकाश अडला तर पिके किती बुडतील याचा अंदाज २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मांडला होता. भारत-पाकिस्तान युद्धात दुष्काळाने २०० कोटींहून अधिक आणि अमेरिका-रशिया युद्धात ५०० कोटींहून अधिक माणसे मरू शकतात, असा तो अंदाज आहे. त्यानंतरही माणसे उरतील, पण ती पुन्हा कुठवर येतील हे कोणी सांगू शकत नाही. हवामानबदलही बहुधा इथेच बसतो. तो थेट सर्वांना संपवण्याची शक्यता कमी असली, तरी युद्ध आणि उपासमार जवळ आणतो.

हा भेद गळी उतरवायचा असेल तर बैठकीत तत्त्वज्ञ डेरेक पारफिट यांनी १९८४ मध्ये मांडलेला प्रश्न विचारा. तीन शक्यता आहेत: शांतता, ९९ टक्के माणसे मारणारे युद्ध, १०० टक्के मारणारे युद्ध. मोठी दरी कोणत्या दोहोंत आहे? बहुतेक जण पहिल्या दोहोंत म्हणतात. पारफिट यांचे उत्तर उलट होते, कारण शेवटच्या एका टक्क्याबरोबर पुढे जन्मू शकणारे सगळेच जातात. आधी सर्वांची उत्तरे कागदावर घ्या, मग त्यांचे उत्तर सांगा. उलट क्रमाने केले तर सगळे त्यांचीच री ओढतात.

शक्यतेचा आकडा कसा लिहायचा

नैसर्गिक धोक्यांपासून सुरुवात करा, कारण तिथे हिशेब पक्का होतो. आपली जात सुमारे ३ लाख वर्षे, म्हणजे ३,००० शतके टिकली आहे. दर शतकात नैसर्गिक कारणाने नामशेष होण्याची शक्यता १०० त १ असती, तर इतकी शतके तगण्याची शक्यता जवळपास शून्य येते. १,००० त १ धरली तर ती शंभरात ५ येते आणि १०,००० त १ धरली तर शंभरात ७४. म्हणजे खरा आकडा बहुधा १०,००० त १ च्या आसपास किंवा त्याहून कमी असावा. आपण तगलो म्हणूनच हा हिशेब मांडायला इथे आहोत, ही या हिशेबाची मर्यादा मनात ठेवा. जुन्नर तालुक्यात बोरीजवळ कुकडीच्या काठी सुमात्रातल्या टोबा ज्वालामुखीच्या राखेचा थर आहे. तो कोणत्या उद्रेकाचा यावर संशोधकांत मतभेद आहेत. टोबाचा सुमारे ७४ हजार वर्षांपूर्वीचा महाउद्रेकही माणसाने पचवला, इतके मात्र निश्चित.

मानवनिर्मित धोक्यांना असा इतिहास नाही. अण्वस्त्रे १९४५ पासूनची, हवे तसे जंतू घडवण्याची क्षमता त्याहून नवी. इथे जाणकारांचे अंदाज घ्यावे लागतात. ऑक्सफर्डचे तत्त्वज्ञ टोबी ऑर्ड यांनी २०२० मध्ये, पुढच्या १०० वर्षांत कोणत्या कारणाने अस्तित्वसंकट ओढवण्याची किती शक्यता आहे, याचे दिलेले अंदाज असे: लघुग्रह किंवा धूमकेतू १० लाखांत १, अणुयुद्ध १,००० त १, हवामानबदल १,००० त १, मुद्दाम घडवलेली साथ ३० त १, कृत्रिम बुद्धिमत्ता १० त १, आणि सगळे मिळून ६ त १. एका विचारी माणसाने पूर्ण जबाबदारीने केलेले हे अंदाज आहेत. ते मोजमाप नव्हे, आणि अनेक अभ्यासकांना ते फार मोठे वाटतात.

म्हणून गटात आकडा ठरवताना चर्चेआधी प्रत्येकाने चिठ्ठीवर दोन आकडे लिहावेत, ‘याहून कमी नसावा’ आणि ‘याहून जास्त नसावा’. चिठ्ठ्या गोळा करून त्यांवरचे सगळे आकडे चढत्या क्रमाने लावा आणि मधला आकडा घ्या. सरासरी काढू नका. दहा जणांत एकाने ५० टक्के लिहिले तर बाकी नऊ जणांनी काहीही लिहिले तरी सरासरी किमान ५ टक्के येते. मग १०० त १, १,००० त १, १०,००० त १ अशा पायऱ्यांवर आकडा बसवा. त्याहून बारीक आकडा लिहिणे म्हणजे नसलेले ज्ञान दाखवणे.

हिशेब आज जिवंत असलेल्यांपासून सुरू करा

या विषयात लोक पहिल्याच दमात भविष्यातल्या अगणित पिढ्यांचा गुणाकार करतात. बॉस्ट्रम यांचा एक हिशेब एकावर सोळा शून्ये इतक्या माणसांपर्यंत जातो. तो चुकीचा नाही, पण इतक्या मोठ्या आकड्याने गुणले की समोरच्या तपशिलातल्या चुका दिसेनाशा होतात. आधी आजच्या सुमारे ८०० कोटी माणसांपुरता हिशेब करा.

समजा एका कामाला १० कोटी रुपये लागतात आणि त्याने घडवलेल्या साथीचा धोका त्याच्याच एक लाखांशाने कमी होतो. धोका १,००० त १ धरला तर अपेक्षित मृत्यू ८० लाख, त्यांचा एक लाखांश ८०, म्हणजे एका जिवामागे साडेबारा लाख रुपये. धोका ३० त १ धरला तर अपेक्षित मृत्यू सुमारे २६ कोटी ६७ लाख, त्यांचा एक लाखांश सुमारे २,६६७, आणि एका जिवामागे साधारण ३७,५०० रुपये. काम तेच आणि खर्चही तोच. पहिल्या आकड्यावर साध्या लसीकरणाला किंवा कुपोषणाच्या कामाला पैसे देणे बरे ठरू शकते, दुसऱ्यावर हे काम कुठल्याही यादीत वर येते. आपला निर्णय कशावर टेकला आहे हे इथे उघडे पडते, आणि पुढचे वाचन, पुढच्या तज्ज्ञाला विचारायचे प्रश्न त्याच आकड्याभोवती ठेवता येतात.

पुढच्या पिढ्या त्यानंतर मोजा. निर्णय आजच्या माणसांपुरताच पक्का होत असेल तर त्यांचा आधार घ्यायची गरजच नाही. होत नसेल तर ‘हा निर्णय पुढच्या पिढ्यांच्या हितावर उभा आहे’ असे इतिवृत्तात स्पष्ट लिहा. ती भूमिका आम्हाला पटते. जन्म पुढच्या शतकात होणार म्हणून कोणाचे मोल कमी होत नाही. पण ती सर्वांनी उघड्या डोळ्यांनी स्वीकारलेली असावी.

काम निवडताना

मोठा धोका म्हणजे आपोआप चांगले काम असे होत नाही. त्यावर आधीच किती जण काम करताहेत आणि आपल्या भरीने काही हलते का, हेही पाहावे लागते. लघुग्रहांचे उदाहरण घ्या. एक किलोमीटरहून मोठे, पृथ्वीजवळून जाणारे बहुतेक लघुग्रह शोधून झाले आहेत. २६ सप्टेंबर २०२२ ला नासाच्या डार्ट यानाने डिमॉर्फस या छोट्या लघुग्रहाला धडक देऊन त्याचा मोठ्या डिडिमॉस लघुग्रहाभोवतीचा ११ तास ५५ मिनिटांचा फेरा सुमारे ३२ मिनिटांनी कमी केला. धोका लहान, वाट सापडलेली, सरकारी पैसा लागलेला. पुण्यातल्या ट्रस्टच्या लाखभर रुपयांनी तिथे फरक पडणार नाही.

जैविक सुरक्षेचे तसे नाही. जैविक अस्त्रबंदीचा आंतरराष्ट्रीय करार १९७५ पासून लागू आहे, पण तो पाळला जातो का हे तपासणारी यंत्रणा त्यात नाही. देवीच्या रोगाने शेवटचा मृत्यू नैसर्गिक साथीत झाला नव्हता. तो १९७८ मध्ये इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅमला, ज्या इमारतीत देवीच्या विषाणूची प्रयोगशाळा होती तिथे लागण होऊन झाला. आणि या विषयातली माणसे पुण्यात आहेत: राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्था आणि तिची पाषाणची सर्वोच्च सुरक्षेची प्रयोगशाळा, १९६६ पासूनची सीरम इन्स्टिट्यूट, विद्यापीठातले जीवशास्त्राचे विभाग. कोविडच्या काळात सांडपाण्यातून विषाणूचा माग घेण्याचे कामही इथे झाले. जीवशास्त्राच्या विद्यार्थ्याला जैवसुरक्षेच्या प्रशिक्षणासाठी शिष्यवृत्ती, सांडपाणी-निगराणी साथ नसतानाही चालू ठेवण्याचा खर्च, शाळा-रुग्णालयांत हवा खेळती ठेवण्याचे प्रयोग ही लहान निधीतली, कोणती साथ येईल हे माहीत नसतानाही उपयोगी पडणारी कामे आहेत.

वर्षाला १० लाख वाटणाऱ्या ट्रस्टने यासाठी १ लाखापासून सुरुवात करावी असे आमचे मत आहे. सगळा निधी वळवू नये. चालू असलेले वसतिगृह किंवा दवाखाना बंद करून सुरू केलेल्या कामावर सभासदांचा विश्वास बसत नाही आणि ते दुसऱ्या वर्षीच मोडते. परदेशी संस्थेला दिलेल्या देणगीवर आयकराची सवलत मिळत नाही, आणि नोंदणीकृत ट्रस्टने देशाबाहेर खर्च केला तर करमाफीच अडचणीत येऊ शकते. ठराव करण्याआधी सीएला विचारा.

कुठे घसरते

सर्वात मोठी घसरण ‘एवढा मोठा धोका आहे, मग काहीही केलेले चालेल’ इथे होते. हे पुण्याला सांगायला नको. १८९७ मध्ये प्लेगचा धोका खरा होता, रोग्यांना वेगळे करण्यामागे वैद्यकीय कारणही होते. पण सैनिक घरात घुसले, देवघरे आणि बायकांची अब्रू यांची पर्वा राहिली नाही, आणि लोक रोगी लपवू लागले. उपायाच्या क्रूरपणाने उपायच निकामी केला. २२ जूनला प्लेगचे काम पाहणाऱ्या रँड या ब्रिटिश अधिकाऱ्यावर गोळी झाडली गेली, इथवर गोष्ट गेली. म्हणून निधी देण्याआधी एक अट लेखी ठेवा: या कामात फसवणूक, जबरदस्ती किंवा कोणाचे हक्क डावलणे लागत असेल तर आकडा कितीही मोठा असो, काम नाकारायचे. ठोकताळा या मर्यादांच्या आत चालतो, त्यांच्यावरून जात नाही.

दुसरी घसरण अतिसूक्ष्म शक्यतांची. कोणी म्हणेल, शक्यता अब्जात एक आहे, पण नुकसान अनंत, म्हणून पैसे द्या. अशा वेळी धोका कसा घडेल आणि हे काम तो नेमका कोणत्या टप्प्यावर अडवेल, हे चार ओळींत लिहून मागा. लिहिता येत नसेल तर तिथेच थांबा. आपल्या आवडीच्या प्रत्येक कामाला ‘यानेही मानवजात वाचते’ असे लेबल लावणाऱ्यांनाही हीच कसोटी लावा. वाचनालय चांगलेच आहे, त्याला वाचनालय म्हणूनच पैसे द्या.

तिसरी घसरण उत्साही अभ्यासमंडळांत होते. जंतू अधिक घातक कसा करता येईल, कोणती व्यवस्था कुठे कच्ची आहे, याची यादी करू नका आणि व्हॉट्सअ‍ॅपवर तर मुळीच टाकू नका. चर्चेला धोक्याचा प्रकार आणि बचावाचा मार्ग पुरतो. एखाद्या सभासदाला खरोखर कच्चा दुवा सापडला तर तो जबाबदार संस्थेला खासगीत कळवावा.

चौथी एकट्याने उडी घेण्याची. एखादे पाऊल मागे घेता येणार नसेल, आणि ते उचलू शकणारे दहा गट असतील, तर नऊ जण घातक समजत असतानाही सर्वात आशावादी दहावा ते उचलतो. मागे न घेता येणाऱ्या कोणत्याही कामाआधी निदान तीन बाहेरच्या जाणकारांना विचारा, आणि त्यातल्या दोघांनी नको म्हटले तर थांबा. थांबायला जागा असणे किती मोलाचे आहे हे २६ सप्टेंबर १९८३ ला दिसले. सोव्हिएत इशारायंत्रणेने अमेरिकन क्षेपणास्त्रे सुटल्याचे दाखवले. ड्यूटीवरचे अधिकारी स्तानिस्लाव पेत्रोव यांनी पाचच क्षेपणास्त्रांचा हल्ला कोणी करणार नाही असा अंदाज बांधून तो इशारा खोटा म्हणून कळवला, आणि तो खोटाच निघाला.

नोंदवहीत काय लिहायचे

निर्णय झाल्यावर अर्ध्या पानाची नोंद करा: धोका कोणता आणि कोणत्या रकान्यातला, सभासदांचा सर्वात कमी, मधला आणि सर्वात जास्त आकडा, काम धोका कोणत्या टप्प्यावर अडवते, किती रुपये, हिशेब आजच्या माणसांपुरता की पुढच्या पिढ्यांसह, आणि कोणती गोष्ट कळली तर आपण मत बदलू. शेवटचा मुद्दा कोरा ठेवू देऊ नका. नोंदीवर विरोधी मत असलेल्या सभासदाचीही सही आणि त्याचे कारण घ्या. मार्चअखेरचे हिशेब झाल्यावर एप्रिलच्या बैठकीत ही नोंद आधी वाचून दाखवा, मागचे आकडे झाकून सर्वांकडून नव्याने चिठ्ठ्या घ्या, आणि मधला आकडा एक पायरी जरी सरकला असेल तर रक्कम पुन्हा ठरवा.