सायगॉनला नव्याने आलेल्या मराठी मंडळींसाठी : आधी एक बास्केटबॉल सामना पाहा

हो ची मिन्ह शहरात, म्हणजे जुन्या सायगॉनमध्ये, नोकरीनिमित्त येणारी आपली मंडळी मला पहिल्या आठवड्यात बहुधा तेच प्रश्न विचारतात : घर कोणत्या भागात घ्यावे, तूरडाळ कुठे मिळते, मुलांना कोणत्या शाळेत घालावे. या प्रश्नांची उत्तरे मी देतोच. पण त्याबरोबर एक आग्रहही करतो. बास्केटबॉलचा हंगाम चालू असेल, तर सायगॉन हीट या इथल्या व्यावसायिक संघाचा एक सामना पाहून या आणि त्यात अमेरिकेत वाढलेल्या व्हिएतनामी खेळाडूंकडे नीट लक्ष द्या. मी नागपूरला शाळेत असताना बास्केटबॉल खेळलो, त्यामुळे या खेळाची ओढ मला आहेच. पण आग्रहाचे कारण वेगळे आहे. आजी-आजोबांच्या देशात नवखा म्हणून उतरून तिथेच पोट भरणे म्हणजे काय असते, हे या खेळाडूंकडे पाहून जितके कळते, तितके माहितीच्या कोणत्याही पुस्तिकेतून कळत नाही.

थोडा इतिहास माहीत असलेला बरा. ३० एप्रिल १९७५ रोजी सायगॉन उत्तर व्हिएतनामच्या फौजांच्या हाती पडले आणि त्यानंतरच्या वर्षांत दक्षिणेकडील लाखो माणसे देशाबाहेर गेली, कित्येक जण लहान होड्यांतून समुद्रमार्गे. त्यांतले पुष्कळ जण कॅलिफोर्नियातील ऑरेंज काउंटी व सॅन होजे, टेक्सासमधील ह्यूस्टन अशा ठिकाणी स्थिरावले. परदेशी स्थायिक झालेल्या अशा व्हिएतनामी माणसाला इथे ‘व्हिएत किएउ’ म्हणतात. त्यांची मुले-नातवंडे अमेरिकी शाळांच्या मैदानांवर बास्केटबॉल खेळत मोठी झाली, आणि पुढे इथे व्यावसायिक बास्केटबॉल सुरू झाल्यावर त्यांतली काही जण उलट दिशेने आली. सायगॉन हीट हा देशातला पहिला व्यावसायिक संघ २०११ मध्ये उभा राहिला आणि आसियान बास्केटबॉल लीगमध्ये उतरला. व्हिएतनामची स्वतःची लीग, म्हणजे व्हीबीए, २०१६ मध्ये पाच संघांनिशी सुरू झाली आणि पहिले विजेतेपद दानांग ड्रॅगन्सने मिळवले. सायगॉन हीटच्या पाठीशी उभे राहिलेले उद्योजक हेन्री न्गुयेन हे स्वतः लहानपणी अमेरिकेला गेलेले आणि मोठेपणी परतलेले गृहस्थ आहेत, हेही ध्यानात ठेवण्यासारखे आहे.

आता हा खेळाडू इथे येतो कशासाठी? एनबीए या अमेरिकेतल्या सर्वोच्च व्यावसायिक लीगमध्ये तीस संघ आहेत आणि प्रत्येकाकडे नेहमीच्या करारावर पंधराच खेळाडू, म्हणजे सगळ्या जगासाठी साडेचारशे जागा. अमेरिकेत महाविद्यालयीन संघाकडून चार वर्षे उत्तम खेळलेल्या, पण उंची सहा फुटांच्या आसपास असलेल्या मुलाला तिथे जागा मिळणे जवळजवळ अशक्य असते. इतर देशांच्या लीगमध्ये परदेशी खेळाडूंची संख्या मर्यादित ठेवलेली असते आणि त्या जागा बहुधा उंच, धिप्पाड खेळाडूंकडे जातात. व्हीबीएने मात्र परदेशी खेळाडू आणि व्हिएतनामी वंशाचे खेळाडू यांना वेगवेगळ्या गटांत धरले. त्यामुळे आईच्या किंवा वडिलांच्या बाजूने व्हिएतनामी असलेल्या मुलाला साडेसहा फुटी अमेरिकी खेळाडूशी एकाच जागेसाठी झगडावे लागत नाही. हार्वर्ड विद्यापीठाकडून खेळलेला क्रिश्चन जुझँग याच वाटेने सायगॉन हीटमध्ये आला. त्याची आई व्हिएतनामी. त्याचा धाकटा भाऊ जॉनी कॅलिफोर्नियातल्या यूसीएलए विद्यापीठाच्या संघातून २०२१ मध्ये अमेरिकी महाविद्यालयीन स्पर्धेच्या अंतिम चार संघांपर्यंत पोहोचला आणि पुढे एनबीएमध्ये गेला. एकाच घरातल्या दोन भावांच्या या दोन वाटा आहेत, आणि थोरल्याची वाट कमी प्रतीची आहे असे मला मुळीच वाटत नाही; आपल्या आईची भाषा जिथे रस्त्यावर बोलली जाते, अशा शहरात घरच्या प्रेक्षकांसमोर खेळणे एनबीएत गेलेल्या जॉनीच्या वाट्याला आले नाही.

तुमच्या दृष्टीने पहिला धडा नावाचा आणि संबोधनाचा. इथे आडनाव आधी आणि स्वतःचे नाव शेवटी येते, पण हाक मारतात ती शेवटच्या नावाने. अमेरिकेत ज्यांना केली आणि केलिन ट्रूआँग म्हणून ओळखतात, त्या जुळ्या बास्केटबॉलपटू बहिणी इथे त्रुआँग थाओ मी आणि त्रुआँग थाओ वी होतात, आणि प्रेक्षक ओरडतात ते ‘मी’ आणि ‘वी’ असे. आपली गत याच्या उलट होते. नाव, वडिलांचे नाव, आडनाव या आपल्या क्रमात भरलेला माझा पहिला अर्ज एका कार्यालयाने वडिलांचे नाव माझे समजून नोंदवला आणि ती चूक निस्तरायला मला दोन महिने लागले. तेव्हा प्रत्येक अर्जावर पासपोर्टमधला क्रम तसाच्या तसा उतरवा आणि छापील प्रत हाती आली की काउंटरवरच वाचून घ्या.

संबोधनाच्या बाबतीत मात्र मराठी माणसाला इथे परके वाटण्याचे कारण नाही. ‘तू’ किंवा ‘तुम्ही’ यासाठी सर्वत्र चालणारा एकच शब्द या भाषेत नाही. समोरचा वयाने मोठा असेल तर ‘आन्ह’ म्हणजे दादा, ‘ची’ म्हणजे ताई, धाकटा असेल तर ‘एम’, वडिलांपेक्षा धाकट्या वयाच्या गृहस्थाला ‘चू’ म्हणजे काका. प्रशिक्षकाला ‘थय’ म्हणतात, जो शब्द शिक्षकासाठी वापरतात, अगदी आपल्या ‘सर’सारखा. आपण भाजीवाल्या बाईंना मावशी म्हणतोच की! अमेरिकेत वाढलेल्या खेळाडूला हे सोपे जात नाही, कारण त्याने ही संबोधने घरातल्या चार माणसांपुरतीच वापरलेली असतात.

एका सामन्यानंतरचे दृश्य मला अजून आठवते. हीटचे घरचे मैदान असलेल्या सीआयएस अरीनाच्या कडेला एक वृद्ध बाई एका तरुण खेळाडूचा घामाने भिजलेला हात दोन्ही हातांत धरून भराभर बोलत होत्या. तो मान खाली घालून ‘या, या’ एवढेच म्हणत होता. मोठ्यांना होकार देण्याचा हा इथला आदराचा शब्द. त्याला त्यातले किती कळत होते, देव जाणे. पण त्याने हात सोडवून घेतला नाही, आणि बाईंनी पिशवीतून केळीच्या पानात बांधलेले काहीतरी काढून त्याच्या हातावर ठेवले तेव्हा त्याने ते दोन्ही हातांनी घेतले. वस्तू देताना-घेताना दोन्ही हात वापरणे ही इथली रीत आहे. ती पहिल्या दिवसापासून पाळा.

भाषा शिकणार असाल, आणि शिकावीच, तर शिक्षक दक्षिणेचा निवडा. बहुतेक निर्वासित कुटुंबे दक्षिणेतून गेलेली असल्याने या खेळाडूंच्या तोंडीही दक्षिणी बोलीच असते. ज्या अक्षराचा उच्चार सायगॉनला ‘य’ होतो त्याचा हनोईला ‘झ’ होतो. उत्तरेत शब्दाचा अर्थ बदलणारे सहा सूर आहेत, दक्षिणेत त्यांतले दोन एकमेकांत मिसळून पाचच उरतात. हनोईच्या संघात गेलेल्या व्हिएत किएउ खेळाडूला घरून आणलेली भाषासुद्धा पुन्हा ऐकायला शिकावी लागते.

कागदपत्रांच्या बाबतीत त्यांच्या आणि आपल्या परिस्थितीत फरक आहे, तो समजून घ्या. व्हिएतनामी वंशाच्या माणसाला पाच वर्षांपर्यंतची व्हिसामाफी मिळू शकते, आणि १ जुलै २०२५ पासून लागू झालेल्या कायद्यातील दुरुस्तीमुळे आई-वडील किंवा आजी-आजोबा व्हिएतनामी असलेल्यांना परदेशी नागरिकत्व राखून व्हिएतनामी नागरिकत्व मिळवणे सोपे झाले आहे. आपल्याला ई-व्हिसावर नोकरी करता येत नाही. कामाचा परवाना लागतो, तो जास्तीत जास्त दोन वर्षांचा असतो आणि त्याच्या आधारे तात्पुरत्या वास्तव्याचे कार्ड मिळते. घरमालकाने पोलिसांकडे तुमच्या वास्तव्याची नोंद पहिल्याच दिवशी करायला हवी. ‘करतो, करतो’ यावर विसंबू नका, पावती पाहा.

नागरिकत्वाचा हा प्रश्न मैदानावरही निर्णायक ठरतो. वयाच्या सोळाव्या वर्षानंतर नागरिकत्व मिळवलेला एकच खेळाडू राष्ट्रीय संघात घेता येतो, असा आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाचा नियम आहे. आग्नेय आशियाई क्रीडा स्पर्धेत मात्र २०२३ मध्ये पासपोर्ट पुरत होता. म्हणूनच त्या वर्षी मे महिन्यात कंबोडियातील नॉम पेन्ह येथे थाओ मी आणि थाओ वी या दोघी बहिणी एकत्र खेळू शकल्या आणि तीन-तीन खेळाडूंच्या प्रकारात फिलिपिन्सला हरवून व्हिएतनामने बास्केटबॉलमधले पहिले सुवर्णपदक जिंकले. त्या रात्री सगळी गल्ली जागी होती. भारताने २००८ पासून केवळ भारतीय नागरिकांनाच देशाकडून खेळू देण्याचे धोरण ठेवले आहे आणि दुहेरी नागरिकत्व आपल्याकडे नाही. त्यामुळे न्यू जर्सीत वाढलेल्या एखाद्या मराठी मुलीला ही वाट बंद आहे, आणि याचे मला मनापासून वाईट वाटते.

सामन्याला जाताना रेनकोट जवळ ठेवा, कारण हंगाम बहुधा पावसाळ्यात येतो. टॅक्सीवाल्याला ‘क्वान बाय’ म्हणजे सातवा जिल्हा असेच सांगा. २०२५ मध्ये जिल्हे कागदावरून गेले असले, तरी लोकांच्या तोंडून गेलेले नाहीत. शक्य असेल तर संघाच्या बाकामागची जागा घ्या. टाइम-आउट झाला की प्रशिक्षक इंग्रजीतून फळ्यावर आखून सांगतात आणि स्थानिक मुले माना पुढे काढून पाहतात. तेवढ्यात मधे बसलेला व्हिएत किएउ खेळाडू अर्धवट व्हिएतनामीत, हातवारे करत, शेजारच्याला तेच समजावत असतो. शब्द अडला की तो शेजारीच त्याला तो पुरवतो.