व्यसनाचे चित्रपट अभ्यासताना : सांगलीतल्या नवख्या अभ्यासकांसाठी

व्यसन, ओळख आणि उद्धार यांचा कलात्मक चित्रपटांतून शोध घेणारा विषय मी सांगलीत राहून एम. ए.च्या प्रबंधिकेसाठी घेतला, तेव्हा ‘यात उघडेवाघडेपणाखेरीज अभ्यासण्यासारखे काय आहे?’ अशी शंका विभागातच निघाली. शंका रास्त होती, कारण या चित्रपटांतले धक्कादायक प्रसंग इतके ठळक असतात की नवखा अभ्यासक त्यांच्याच वर्णनात अडकतो.

म्हणून सुरुवात धक्क्यापासून करू नये. फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ यांचा ‘पिकपॉकेट’ (१९५९) आधी पाहावा. त्यात दारू नाही की अमली पदार्थ नाहीत. आहे ती पाकीटमारीची अनावर ओढ, हातांच्या जवळून टिपलेल्या हालचालींतून दाखवलेली. नायकाला उमज पडते ती तुरुंगाच्या गजांआड, आणि तिचे मानसशास्त्रीय स्पष्टीकरण दिग्दर्शक देत नाही. अमेरिकी दिग्दर्शक पॉल श्रेडर यांनी १९७२मध्ये ब्रेसाँ, ओझू आणि ड्रायर या तीन दिग्दर्शकांच्या शैलीवर पुस्तक लिहिले आणि पुढे ‘अमेरिकन जिगोलो’ (१९८०) व ‘लाइट स्लीपर’ (१९९२) या आपल्या चित्रपटांचे शेवट ‘पिकपॉकेट’च्या धर्तीवर तुरुंगातल्या भेटीत केले. हे तीन शेवट शेजारीशेजारी ठेवून पाहिले, तर उद्धार कथानकापेक्षा मांडणीतून कसा घडवला जातो हे उमगते. माझ्या प्रबंधिकेतले सर्वांत भक्कम प्रकरण यातूनच उभे राहिले.

आबेल फेरारा यांचा ‘बॅड लेफ्टनंट’ (१९९२) त्यानंतर घ्यावा. आपल्याकडच्या वाचकाच्या मनात व्यसन म्हटले की ‘एकच प्याला’ असतो, आणि सांगलीसारख्या नाट्यपंढरीत तर तो असणारच. पण गडकऱ्यांच्या नाटकात सुधाकराच्या व्यसनाची किंमत सिंधू मोजते आणि सुधाकरही वाचत नाही. फेरारांचा भ्रष्ट पोलीस अधिकारी मात्र बलात्कारित जोगिणीने गुन्हेगारांना केलेल्या क्षमेने हादरतो आणि त्या दोघांना शहराबाहेर जाणाऱ्या बसमध्ये बसवून देतो. पापनिवेदन आणि क्षमा यांविषयीची कॅथलिक धारणा वाचल्याशिवाय हे कृत्य निव्वळ वेडेपणाचे वाटते, तेव्हा ते वाचन आधी उरकावे. शिवाय हाती आलेल्या प्रतीची लांबी तपासावी : मूळ चित्रपट ९६ मिनिटांचा आहे आणि काटछाट केलेली आवृत्ती ९१ मिनिटांची.

साधनांसाठी पुण्याला जावे लागते, त्याला इलाज नाही. फिल्म इन्स्टिट्यूट आणि चित्रपट संग्रहालय यांच्या वतीने होत आलेला रसास्वाद अभ्यासक्रम शक्य असल्यास जरूर करावा; दृश्य किती वेळ टिकते आणि कुठे कापले जाते, याची नोंद ठेवण्याची सवय तिथे लागते.

ओळखीच्या प्रश्नासाठी स्टीव्ह मॅक्वीन यांचा ‘शेम’ (२०११) पुरेसा आहे. लैंगिक व्यसनाने ग्रासलेल्या नायकाचा भूतकाळ त्यात जवळजवळ सांगितलेलाच नाही, म्हणून बालपणीच्या आघाताची कथा आपण पदरची जोडू नये. परीक्षक ती नेमकी हेरतात. ‘मग नायक सुधारला का?’ हा प्रश्न तोंडी परीक्षेत विचारला जाण्याची शक्यता धरून भुयारी रेल्वेतले आरंभीचे आणि अखेरचे प्रसंग बारकाव्यांसह लक्षात ठेवावेत : आरंभी एका अनोळखी स्त्रीच्या मागोमाग तो गाडीतून उतरतो, अखेरीस तीच पुन्हा समोर येते आणि त्याचा निर्णय कळण्याआधी चित्रपट संपतो.