फेसेसच्या जार टॉमकॅटच्या लिबमध्ये ठेवताय? या चुका टाळा

मागच्या मे महिन्यात परसोडीच्या आयटी पार्कमधल्या आमच्या ऑफिसात एका क्लायंटचं काम अडून बसलं. एकाच टॉमकॅटवर (जावाची वेब ॲप्स चालवणारा सर्व्हर) त्यांची दोन ॲप्स, दोन्ही जावा सर्व्हर फेसेस (जावात वेब पानं बनवायची चौकट, पुढे नुसतं 'फेसेस') आणि प्राइमफेसेसवर (फेसेससाठी तयार बटन, कॅलेंडर असे कंपोनंट देणारी लायब्ररी). फेसेस आणि प्राइमफेसेस, दोन्हींच्या जार (जावा लायब्ररीच्या फाइल्स) कोणीतरी जागा वाचावी म्हणून सर्व्हरच्या, सगळ्या ॲप्सना सामायिक असलेल्या लिब फोल्डरमध्ये टाकलेल्या. वर्षभर सुरळीत चाललं. मग एका ॲपच्या वॉरमध्ये (पूर्ण ॲपची बांधलेली एक फाइल) फेसेसची स्वतःची जार आली आणि लॉगिनचं पानच उघडेना. लॉगमध्ये क्लासकास्टएक्सेप्शन: कमांडबटन (प्राइमफेसेसचं बटन) यूआयकंपोनंटमध्ये (फेसेसचा मूळ कंपोनंट क्लास) कास्ट होत नाही, म्हणजे त्या प्रकारचं मानलं जात नाही.

टीममधली नवी मुलगी स्क्रीनकडे बघत म्हणाली, "दादा, कमांडबटन तर यूआयकंपोनंटचाच सबक्लास आहे न? मग कास्ट काहून होत नाही?"

प्रश्न अगदी नेमका होता. जावासाठी क्लासची ओळख नुसत्या नावाने ठरत नाही. तो कोणत्या क्लासलोडरने (क्लास मेमरीत चढवणारा जावाचा भाग) आणला, हेही त्यात येतं. टॉमकॅट ॲपचे क्लास आधी त्याच्या वॉरमधल्या वेब-इन्फ फोल्डरमध्ये शोधतो, तिथे नसले तरच सर्व्हरच्या लिबमध्ये जातो. म्हणून यूआयकंपोनंट वॉरमधून आला, प्राइमफेसेस मात्र लिबमधून, आणि तिने आपला यूआयकंपोनंट लिबमधूनच उचलला. नाव एक, क्लास दोन.

म्हणून माझं ठाम मत: टॉमकॅटवर फेसेस आणि कंपोनंट लायब्ररी, दोन्ही प्रत्येक ॲपच्या वॉरमध्येच ठेवा. वाचतात त्या काही एमबी, आणि त्यासाठी एका ॲपचं अपग्रेड दुसऱ्याच्या गळ्याशी बांधलं जातं.

वाइल्डफ्लाय किंवा पायारा असे पूर्ण जावा सर्व्हर वापरत असाल तर हिशेब उलटा. तिथे फेसेस सर्व्हरसोबतच येतं, त्यामुळे मेवनमध्ये (प्रोजेक्ट बांधणारं बिल्ड टूल) त्याचा स्कोप 'प्रोव्हायडेड' ठेवा, म्हणजे ते वॉरमध्ये जात नाही. वॉरमध्ये फक्त प्राइमफेसेस जाऊ द्या. टॉमकॅटचं पॉम (मेवनची सेटिंग फाइल) जसंच्या तसं तिकडे नेलं की सर्व्हरचं फेसेस आणि वॉरमधलं फेसेस एकमेकांशी भांडतात.

दुसरी नेहमीची चूक म्हणजे नवी जार टाकली, पण जुनी काढलीच नाही. मग ॲपच्या वेब-इन्फमधल्या लिबमध्ये एकाच लायब्ररीची दोन व्हर्जन्स. टॉमकॅट ८ पासून जार कोणत्या क्रमाने वाचल्या जातील याची हमी नाही, म्हणून तुमच्या लॅपटॉपवर चालतं आणि सर्व्हरवर नोसचमेथडएरर (हवी ती मेथड सापडत नाही) येतो. जुन्या फोल्डरवर नवा कोड कॉपी करू नका. आधीचं उलगडलेलं फोल्डर काढा, मग वॉर टाका.

टॉमकॅट ९ वरून १० वर जाताना पॅकेजचं नावच 'जावाएक्स' सोडून 'जकार्ता' होतं. तेव्हा प्राइमफेसेसचीही जकार्ता क्लासिफायरवाली (मेवनमध्ये तसा वेगळा टॅग असलेली) जार घ्या. अर्धं जुनं, अर्धं नवं चालत नाही. आणि पानावर वेगळी जेक्वेरी (जावास्क्रिप्टची लायब्ररी) जोडू नका. प्राइमफेसेस आपली जेक्वेरी सोबत आणते. वर दुसरी आली की डायलॉग आणि कॅलेंडर मुके होतात, कन्सोलमध्ये 'इज नॉट अ फंक्शन' दिसतं.

त्या दिवशी आम्ही अंदाज बांधत बसलो नाही. त्या मुलीने एक छोटी सर्व्हलेट (ब्राउझरला उत्तर देणारा जावा क्लास) लिहिली: यूआयकंपोनंट आणि कमांडबटन, दोन्हींच्या प्रोटेक्शनडोमेनमधून कोडसोर्सचं लोकेशन, म्हणजे क्लास कोणत्या जागेवरून आला ते छापणारी. ब्राउझरमध्ये दोन ओळी आल्या. पहिलीत वेब-इन्फ, दुसरीत टॉमकॅटचं लिब. दोन्ही जार लिबमधून काढल्या, दोन्ही वॉरमध्ये टाकल्या आणि पूर्ण टॉमकॅट रीस्टार्ट केला, कारण नुसत्या रीडिप्लॉयने (फक्त ॲप पुन्हा चढवून) लिबमधले आधीच चढलेले क्लास उतरत नाहीत. लॉगिनचं पान उघडलं. मग दुसरं ॲपही तपासलं, कारण त्याच्या जारही आम्ही नुकत्याच हलवल्या होत्या.