गूढमालिका लिहिताय? या चुका टाळा

गोव्यातल्या नव्या लेखकांच्या भयमालिकांच्या संहिता वाचताना सगळ्यात जास्त खटकतं ते हे, की भुताला नियमच नसतात. पहिल्या आठवड्यात ते फक्त माजघरात दिसतं, पुढे फोनवरून बोलतं, मग एकदम पणजीच्या बाजारात. ते काहीही करू शकतं हे कळलं की प्रेक्षकाची भीती संपते. दैनंदिन मालिकेत कथा, पटकथा आणि संवाद बरेचदा वेगवेगळ्या हातांनी लिहिले जातात, म्हणून पहिल्या भागाआधीच एक पान लिहून ठेवा: त्याला काय हवंय, ते कुठवर जाऊ शकतं, कशाने थांबतं, कोणाला दिसतं. कथेचा ट्रॅक अडला की नवी शक्ती जोडू नका, त्या पानाकडे परत जा. दिवा असेपर्यंत ते उंबरठा ओलांडत नाही असं ठरलं असेल, तर जुलैच्या पावसात वीज घालवा आणि घरातलं तेल संपवा. पुढचे चार भाग तिथेच मिळतील.

दुसरी चूक मला अधिक बोचते. देवचाराला भूत करून टाकतात. आपल्या गावांत देवचार हा राखणदार आहे. त्याला रोट देतात, विडी ठेवतात, रात्री सीमेवरून फिरतो म्हणतात. आमोण्याचा वेताळ किंवा पलीकडे सिंधुदुर्गातल्या आरवलीचा वेतोबा, ज्याला लोक मोठाल्या चामडी वहाणा वाहतात, हीसुद्धा श्रद्धेची ठिकाणं आहेत. अशा देवतेला खलनायक केलं तर गावकरी दुखावतात, आणि कथाही उथळ होते. राखणदाराला दिलेला शब्द एखाद्या घराने मोडला, इथून सुरुवात करून बघा. मग दोष माणसाचा होतो, आणि माणसाच्या दोषावर मालिका वर्षभर चालते.

भाषेबद्दल थोडंच. घरात कोंकणी, भजनात आणि वर्तमानपत्रात मराठी, अशी इथली कितीतरी कुटुंबं आहेत. कोण कोणाशी काय बोलतं ते आधी ठरवा; वाक्यागणिक ‘गा’ आणि ‘गो’ पेरून गोवा उभा राहत नाही.

प्रत्येक प्रसंग ‘रात्र, बाहेर’ असा लिहू नका. रात्रीचं चित्रीकरण महाग पडतं आणि पावसाळ्यात कोलमडतं. गोव्यातली दुपार वापरा. जेवणानंतर दुकानं बंद, रस्ता रिकामा, अख्खा वाडा झोपलेला. त्या उजेडात कोणी हाक मारली तर अंगावर काटा येतो. लिहिलेल्या भागांची बँकही हवीच. 2021 मध्ये करोनामुळे महाराष्ट्रात चित्रीकरण थांबलं तेव्हा कितीतरी मराठी मालिका गोव्यात आल्या आणि मे महिन्यात इथेही परवानगी थांबली. अशा वेळी एका घरात, तीन पात्रांत होणारे भाग तयार असलेले बरे.

करार न वाचता सही करणं ही चूक सर्वात महागात पडते. नुसत्या कल्पनेला कॉपीराइट मिळत नाही, म्हणून वाहिनीला तोंडी गोष्ट सांगण्याआधी ती सविस्तर लिहा आणि स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा. 2012 च्या कायदादुरुस्तीनंतर, चित्रपटगृहाबाहेरच्या वापरासाठी रॉयल्टीतला लेखकाचा वाटा वारस किंवा कॉपीराइट संस्था सोडून कोणालाही देऊन टाकता येत नाही. ‘सर्व हक्क कायमचे सोडत आहे’ असं कलम दिसलं, तर सही करण्याआधी वकिलाला दाखवा.