दोन नावांच्या अभिनेत्रीची चित्रपटसूची कशी तयार करावी

कमी खर्चाचे स्वतंत्र भयपट आणि प्रौढांसाठीचे चित्रपट अशा दोन्हीकडे वावरलेल्या अमेरिकी अभिनेत्रीची सूची करताना आधी चित्रपटांची नव्हे, तिच्या नावांची यादी करावी. एकीकडे एक नाव, दुसरीकडे दुसरे आणि वर स्पेलिंगचे घोळ, यांमुळे एकाच बाईच्या तिघी होतात, किंवा दोघींची कामे एकीच्याच नावावर जमा होतात. म्हणून श्रेयनामावलीत जसे दिसते तसेच नाव प्रत्येक चित्रपटापुढे उतरवावे, आणि दोन्ही नावे आपलीच असल्याचे तिने स्वतः सांगितले नसेल तर ती जोडू नयेत. तिने जाहीर न केलेले खरे नाव हाती लागले तरी ते सूचीत घालू नये. त्याने कारकीर्द अधिक उलगडत नाही, तिला त्रास मात्र होऊ शकतो.

खरी डोकेदुखी सालांची असते. व्हीएचएस या जुन्या व्हिडिओ कॅसेटवर आलेला चित्रपट पुढे डीव्हीडीवर नवे शीर्षक आणि नवे साल घेऊन येतो, शिवाय जुन्या दृश्यांची संकलने निघत राहतात, त्यामुळे काम कधीच सोडलेल्या अभिनेत्रीच्या खात्यावरही शीर्षके वाढतात. येथे कायदा उपयोगी पडतो. प्रौढांसाठीच्या चित्रपटांतील कलाकारांच्या वयाचे पुरावे निर्मात्यांनी जपून ठेवावेत, असा १९८८चा अमेरिकी कायदा आहे. ‘कलम २२५७’ म्हणून ओळखले जाणारे त्याचे निवेदन चित्रपटाच्या सुरुवातीला किंवा शेवटी झळकते. बारीक अक्षरांतला तो मजकूर चित्र थांबवूनच वाचावा, कारण त्यात बहुधा तारीख असते. मात्र ती निर्मितीची आहे की पुनर्प्रकाशनाची, हे शब्द नीट पाहून ठरवावे.

वेष्टनावरच्या ‘एक्स’ या केवळ प्रौढांसाठीच्या श्रेणीच्या अक्षरावरून चित्रपटाचा प्रकार ठरवू नये. १९६८मध्ये सुरू झालेल्या अमेरिकी चित्रपटांच्या श्रेणीपद्धतीत या अक्षराची व्यापारचिन्ह म्हणून नोंदणी केलेली नव्हती, त्यामुळे निर्माते ते स्वतःच छापत. १९९०मध्ये त्याच्या जागी ‘एनसी-१७’ ही प्रौढांसाठीची श्रेणी आली. ‘ट्रिपल एक्स’ ही तर अधिकृत श्रेणी कधीच नव्हती, ती निव्वळ जाहिरात होती.

संकलने वेगळ्या रकान्यात, मूळ चित्रपटाच्या उल्लेखासह ठेवावीत. साल सापडले नाही तर जागा कोरी सोडावी. तेथे अंदाजाने लिहिलेले साल पुढचा सूचीकार पक्के समजून उचलतो.