तणनाशक फवारताय? परवान्याच्या या चुका टाळा

परसातलं तण मारायला परवाना लागत नाही. कीटकनाशक कायदा, 1968 च्या कलम 38 नुसार स्वतःचं घर, परसबाग आणि स्वतः कसत असलेली जमीन यांतल्या वापराला सूट आहे. (नावात कीटक असले तरी तणनाशकं याच कायद्याखाली येतात.) गडबड होते ती कुंपणाबाहेर.

लॉनचं कंत्राट घेतलेला माणूस सोसायटीच्या आवारात पैसे घेऊन पंप मारतो, तेव्हा ती व्यावसायिक फवारणी ठरते आणि कलम 13 चा परवाना लागतो. औषध सोसायटीने आणून दिलं तरी यात फरक पडत नाही. दुकानाचा विक्री परवानाही इथे कामाचा नाही, तो फक्त विकण्यापुरता. फवारणीच्या परवान्यासाठी कृषी पदवी किंवा रसायनशास्त्रासह विज्ञान पदवी हवी, शिवाय म्हैसूरची सीएफटीआरआय (केंद्रीय खाद्य तंत्रज्ञान संशोधन संस्था) किंवा हैदराबादची एनआयपीएचएम (राष्ट्रीय वनस्पती आरोग्य व्यवस्थापन संस्था) अशा ठरलेल्या संस्थेचं किमान 15 दिवसांचं प्रशिक्षण. काम देण्याआधी परवान्याची प्रत मागून घ्या.

ग्लायफोसेट या तणनाशकाची गोष्ट वेगळी. ऑक्टोबर 2022 मध्ये केंद्राने त्याचा वापर फक्त पेस्ट कंट्रोल ऑपरेटरमार्फत, म्हणजे फवारणीचा परवाना असलेल्या व्यावसायिकामार्फत, करण्याचा आदेश काढला. त्याला कोर्टात आव्हान दिलं गेलं, म्हणून घेण्याआधी कृषी विभागात ताजी स्थिती विचारा.

पाण्याच्या बाटलीत सुटं औषध घेऊ नका. लेबलशिवाय विक्रीला मनाई आहे, आणि विषबाधा झालीच तर डॉक्टरला दाखवायला हातात काही उरत नाही. लेबलवरचा चौकोन बघा: लाल सर्वांत विषारी, मग पिवळा, निळा, हिरवा. पॅराक्वाट हे तणनाशक पिवळ्यात मोडतं, पण त्यावर उतारा नाही.

आणि झाकणाने माप घेणं थांबवा. आधी साधं पाणी भरून 100 चौरस मीटर फवारा, किती लिटर संपलं ते मोजा. लेबल हेक्टरी 2.5 लिटर सांगत असेल, तर तेवढ्या पाण्यात 25 मिली औषध. ग्लायफोसेटला गढूळ पाणी चालत नाही, मातीच्या कणांना चिकटून ते निकामी होतं. मग 'औषधच नकली' म्हणून दुकानदाराशी भांडण! तणनाशकाचा पंप मात्र वेगळाच ठेवा; 2,4-डी या तणनाशकाचा पंपात उरलेला अंश टोमॅटोची पानं वाकडी करतो.